उकिरड्याचे पांग : इंदूरच्या एका शेतकी संशोधन संस्थेची कथा

बारा वर्षांनीं उकिरड्याचेहि पांग फिटतात, ही म्हण आपल्याकडे लहानथोर सर्वांच्या तोंडीं आहे. एखाद्या दीनवाण्या माणसाचे दिवस पालटले कीं आपण ती सहज उच्चारतों. खुद्द उकिरड्याचा विचार मात्र तेव्हां कोणाच्या मनांत येत नाहीं. आज मी आपणांस ज्या संस्थेची हकीकत सांगणार आहे, तिनें तो विचार मन लावून केला; आणि उकिरड्याचे पांग फेडण्यास तिला बारा वर्षें लागलीं नाहींत, सातच पुरलीं.

ही संस्था इ. स. १९२४ मध्यें इंदुरास स्थापन झाली. तिचें नांव ‘इन्स्टिट्यूट ऑफ प्लँट इंडस्ट्री’. शहरांत राहणाऱ्या श्रोत्यांना शेणाखताच्या गोष्टी कशाला, असें कोणी विचारील. परंतु आपल्या अंगावरचा सुती कपडा आणि आपल्या ताटांतली भाकरी हीं दोन्ही कोणत्या तरी शेताच्या कसांतून आलेलीं असतात. शहर शेतापासून रोज कांहीं घेतें. तें त्याला परत काय देतें, हा प्रश्न या कथेच्या मुळाशीं आहे. तो शेतकऱ्याइतकाच आपलाहि आहे.

प्रथम थोडें मागें जाऊं. १८७६ ते १८७८ या काळांत दक्षिण हिंदुस्थानांत जो भयंकर दुष्काळ पडला, त्यांत लक्षावधि माणसें मृत्युमुखीं पडलीं. त्यानंतर नेमलेल्या कमिशननें १८८० सालीं आपला अहवाल दिला आणि प्रांतोप्रांतीं शेतकी खातीं असावींत अशी शिफारस केली. दुष्काळांत सारा बुडतो आणि वर मदतीचा खर्च अंगावर येतो. तेव्हां सरकारच्या या कळकळींत हिशेबाचा भाग मोठा होता, हें लपविण्यांत अर्थ नाहीं. तथापि हिशेबापोटीं झालेल्या चौकशींतूनहि कधीं कधीं सत्य बाहेर पडतें.

तसें तें पडलें. १८८९ च्या अखेरीस इंग्लंडांतील रॉयल अ‍ॅग्रिकल्चरल सोसायटीचे सल्लागार रसायनशास्त्रज्ञ डॉ. जॉन ऑगस्टस व्हेल्कर यांना हिंदुस्थानांत पाठविण्यांत आलें. येथील रयत अडाणी असून तिला विलायती शेती शिकविली पाहिजे, अशी त्या वेळच्या पुष्कळ अंमलदारांची समजूत होती. व्हेल्कर वर्षाहून अधिक काळ देशभर हिंडले, शेतांच्या बांधांवर उभे राहिले, शेतकऱ्यांशीं बोलले. आणि १८९३ सालीं प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथांत त्यांनीं जवळजवळ उलट निर्णय दिला. येथील चांगला शेतकरी इंग्लंडांतील सामान्य शेतकऱ्याच्या तोडीचा, कांहीं बाबतींत त्याहून सरसहि आहे. त्याच्यापाशीं उणीव आहे ती ज्ञानाची नव्हे, साधनांची. पाणी अपुरें आणि खत अपुरें. खत अपुरें कां? तर जळण नाहीं म्हणून. लांकूड मिळत नाहीं, तेव्हां शेण शेतांत न जातां गोवरीच्या रूपानें चुलींत जातें. शेण जाळणें हा शेतकऱ्याचा मूर्खपणा नसून ती त्याची निरुपायता आहे, हें व्हेल्कर यांनीं स्पष्ट लिहिलें आणि जळणासाठीं ठिकठिकाणीं झाडी लावावी असें सुचविलें. हा मुद्दा आपण लक्षांत ठेवूं. पुढें त्याचें काम पडणार आहे.

यानंतर जमिनीच्या शास्त्रीय अभ्यासास आरंभ झाला. १८९२ सालीं लेदर नांवाचे रसायनशास्त्रज्ञ सरकारनें नेमले. त्यांनीं देशांतील मातींचें पृथक्करण करून गंगा-सिंधूच्या गाळाची, कापसाची काळी, तांबडी आणि जांभ्याची असे चार मुख्य वर्ग मांडले. १९०५ सालीं, लॉर्ड कर्झन यांच्या कारकीर्दींत, बिहारांतील पुसा येथें मध्यवर्ती शेतकी संशोधन संस्थेचा पाया घातला गेला. त्या कामीं हेन्री फिप्स या अमेरिकन धनिकाची ३०,००० पौंडांची देणगी उपयोगी पडली. आणि त्याच वर्षीं आपल्या कथेचा नायक पुशास येऊन दाखल झाला.

आल्बर्ट हॉवर्ड यांचा जन्म १८७३ सालीं इंग्लंडांतील श्रॉपशर परगण्यांत एका शेतकऱ्याच्या घरीं झाला. केंब्रिज येथें शिक्षण, मग वेस्ट इंडीज बेटांत कांहीं वर्षें नोकरी, आणि नंतर पुसा येथें सरकारी वनस्पतिशास्त्रज्ञाची जागा, असा त्यांचा क्रम होता. त्यांच्या पत्नी गॅब्रिएल याहि केंब्रिजच्या नामांकित वनस्पतिशास्त्रज्ञ होत्या. पतीच्या कामांत केवळ मदत करणारी बाई असें त्यांचें स्वरूप नव्हतें. १९१३ सालीं सरकारनें त्यांनाहि दुय्यम वनस्पतिशास्त्रज्ञाचा अधिकार दिला. या दांपत्यानें पुसा येथें निवडलेल्या गव्हाच्या जाती, विशेषतः ‘पुसा ४’ व ‘पुसा १२’, देशभर प्रसिद्ध झाल्या.

नांव झालें, पण हॉवर्ड यांचें समाधान होईना. पुसा येथें रसायनाचें खातें वेगळें, वनस्पतींचें वेगळें, बुरशीच्या रोगांचें वेगळें, किडींचें वेगळें, जंतुशास्त्राचें वेगळें. रोपटें एक, पण त्याचे वैद्य पांच; आणि पांचहि वैद्य आपापल्या दालनांत दार लावून बसलेले. शेतकऱ्यापुढें तर जमीन, पाणी, बी, बैल आणि मनुष्य हीं सर्व एकाच वेळीं उभीं असतात. रोग आला कीं औषध शोधावयाचें, यापेक्षां निरोगी जमिनींत वाढलेलें पीक मुळांत रोगाला बळी कां पडत नाहीं, हें पाहावें, असें हॉवर्ड यांना वाटूं लागलें. शेतकरी आणि पिकांवरील कीड यांनाच आपण गुरु केलें, असें ते पुढें सांगत असत. खात्यांच्या भिंती नसलेली एखादी संस्था आपल्याला काढतां येईल काय, याचा ते शोध घेऊं लागले.

ती संधि कापसानें दिली. लांब धाग्याचा कापूस हिंदुस्थानांत अधिक पिकावा अशी गिरणीवाल्यांची मागणी होती. त्यासाठीं १९२१ सालीं मध्यवर्ती कापूस कमिटी नेमली गेली, आणि १९२३ च्या कायद्यानें कापसाच्या गांठींवर बसविलेल्या लहानशा कराचें उत्पन्न तिला मिळूं लागलें. या पैशांतून कांहीं भाग, मध्य हिंदुस्थानांतील संस्थानांच्या वर्गण्यांतून कांहीं भाग, आणि तुकोजीराव होळकर यांच्या इंदूर दरबारानें दिलेली सुमारें ३०० एकर जमीन, अशी जुळवाजुळव होऊन १९२४ सालीं ही संस्था उभी राहिली. हॉवर्ड तिचे संचालक झाले. माळव्यांतील या मराठी राजधानींत, काळ्या कपाशीच्या रानांत, त्यांना पाहिजे होती तशी प्रयोगशाळा मिळाली. या प्रयोगशाळेचें छप्पर म्हणजे आकाश.

आरंभापासूनच एक गोष्ट येथें वेगळी होती. मजुरांचे कामाचे तास सहा ठेवले, मजुरी ठरल्या वेळीं हातांत पडे, राहण्याची आणि औषधपाण्याची सोय होती. थकलेल्या माणसाकडून काळजीचें काम होत नाहीं, हें हॉवर्ड दांपत्य शेतीच्या शास्त्राचाच एक भाग समजे, आणि आपल्या लेखनांतहि त्यांनीं त्याला जागा दिली.

आतां काळ्या जमिनीचा स्वभाव पाहूं. विदर्भ, खानदेश, मराठवाडा येथील मंडळींना तो सांगावयास नकोच. उन्हाळ्यांत ती भेगाळते, इतकी कीं काठी घातली तर सहज आंत जावी. पावसाळ्यांत तीच फुगते, चिकट होते, भेगा मिटतात, आणि मग आंत हवा जावयास वाट राहत नाहीं. मुळांना पाणी लागतें तशीच हवाहि लागते. जमिनीचा श्वास कोंडला कीं उत्तमांतलें उत्तम बीं असूनहि रोप पिवळें पडतें. हॉवर्ड यांना कापसाची जात सुधारण्यासाठीं नेमलें होतें. पण दोन-तीन पावसाळ्यांत त्यांना कळून चुकलें कीं नुसत्या बियाण्यानें काम भागणार नाहीं. प्रथम सांचलेलें पाणी निघून गेलें पाहिजे, म्हणून शेतांचे उतार पाहून बांध व चर यांची व्यवस्था केली. आणि मग जमीन भुसभुशीत राहावी, तिनें हवाहि घ्यावी व ओलहि धरावी, यासाठीं तिच्यांत कुजलेला सेंद्रिय अंश, ज्याला शास्त्रांत ह्यूमस म्हणतात तो, घातला पाहिजे.

परंतु ह्यूमस आणावयाचा कोठून? येथें व्हेल्कर यांचा तो जुना प्रश्न पुन्हा दारांत उभा राहिला. शेण थोडें, आणि त्यांतलें पुष्कळसें चुलींत. उलट पऱ्हाट्या, तुराट्या, धसकटें, तण, पालापाचोळा हीं शेतांत वाटेल तेवढीं. पण तीं तशींच नांगरून टाकलीं तर कुजतांना जमिनींतलेंच नत्र खाऊन टाकतात आणि पुढच्या पिकाला उपाशी ठेवतात. म्हणजे एकीकडे शेण आहे तें अपुरें, आणि दुसरीकडे काडीकचरा आहे तो निरुपयोगी. या दोहोंचें लग्न लावून देणें, हीच इंदूरची कामगिरी.

हें लग्न सर्वस्वीं नवें नव्हतें. चीन व जपान येथील शेतकरी शतकानुशतकें काडीकचरा, माती व मलमूत्र यांचें मिश्र खत करीत आले होते. किंग नांवाच्या अमेरिकन मृत्तिकाशास्त्रज्ञानें त्यावर लिहिलेला ग्रंथ १९११ सालीं प्रसिद्ध झाला होता आणि हॉवर्ड यांनीं तो बारकाईनें वाचला होता. सूक्ष्म जंतूंच्या कार्याविषयीं युरोपांत व बंगलोर येथें झालेलें संशोधनहि त्यांच्यासमोर होतें. इंदूर येथें या सर्वांना मोजमाप मिळालें. तें मोजमाप घेणारे मुख्य गृहस्थ म्हणजे संस्थेंतील रसायनाच्या कामाचे प्रमुख सहायक यशवंत वाड. वाड हें नांव जगांतील शेतकीच्या ग्रंथांत हॉवर्ड यांच्या बरोबरीनें छापलें गेलें आहे; आपल्याकडे मात्र तें फारसें कोणास ठाऊक नाहीं.

कृति ऐकण्यास सोपी आहे. तीस फूट लांब, चौदा फूट रुंद आणि दोन-तीन फूट खोल असा उतरत्या कडांचा खड्डा घ्यावयाचा. पऱ्हाट्यांसारखा कठीण माल आधीं गाडीवाटेवर पसरून चाकांखालीं चिरडून घ्यावयाचा. गोठ्यांत बैलांच्या पायांखालीं रोज काडीकचरा अंथरावयाचा, म्हणजे तो शेणामुतानें भिजतो. गोठ्याची मूत्र मुरलेली मातीहि खणून घ्यावयाची. कारण मूत्रांतलें नत्र शेणापेक्षां मोलाचें, आणि आपण तेंच सर्वांत अधिक वायां घालवितों. मग खड्ड्यांत थरावर थर: काडीकचरा, अंथरूण, शेण, मूत्रमाती, थोडी राख, आणि वर पाण्याचा शिडकावा. थर पायांनीं तुडवावयाचा नाहीं. आंत हवा खेळली पाहिजे.

यापुढचें काम माणसाचें नव्हे. घरांत आपण दुधाला विरजण लावतों तेव्हां दही आपण करीत नाहीं. आपण फक्त ऊब आणि सवड देतों. येथें शेण हें विरजण. प्रथम बुरशी आणि मग सूक्ष्म जंतु त्या ढिगाचा ताबा घेतात. आंतली उष्णता ६५ अंश सेंटिग्रेडपर्यंत चढते, त्यामुळें तणांचें बीं आणि माश्यांच्या अळ्या जगत नाहींत. आरंभीं त्या मिश्रणांत नत्राच्या एका भागास कर्बाचे सुमारें ३३ भाग असावेत असें गणित बसविलें होतें. शेवटीं तेंच प्रमाण दहास एक असें होतें. ठराविक दिवसांनीं तीन वेळां ढीग वरखालीं करावयाचा, आणि तीन महिन्यांत काळेंभोर, भुसभुशीत, दुर्गंधिरहित खत तयार. उकिरड्यांत वर्ष वर्ष पडून जें ऊन-पावसानें निःसत्त्व होत असे, त्याच्या जागीं हा नवा माल आला.

१९३१ सालीं हॉवर्ड व वाड यांनीं ही सारी पद्धत ग्रंथरूपानें प्रसिद्ध केली. परंतु यशाच्या या वेळीं घरांत अंधार झाला होता. १९३० सालीं गॅब्रिएल हॉवर्ड यांचें निधन झालें. पंचवीस वर्षांची सहचरी आणि सहकारी गेल्यावर हॉवर्ड यांचें मन येथें रमलें नाहीं. १९३१ मध्यें ते निवृत्त होऊन स्वदेशीं गेले.

पद्धत मात्र मागें राहिली, आणि निघाली ती थेट जगाच्या प्रवासाला. जॅक्सन व वाड यांनीं इंदुरांतच शहरी वस्तीचा केर आणि मैला यांवर तिचा प्रयोग करून आरोग्य व खत हीं दोन्ही एकत्र साधतां येतात असें दाखविलें. १९३५ सालीं महात्मा गांधी इंदुरास आले असतां त्यांनीं ही संस्था पाहिली. खेड्यांच्या सफाईचा प्रश्न त्यांच्या मनांत सतत होताच. आसाम-बंगालचे चहाचे मळे, पूर्व आफ्रिकेंतील कॉफीचे मळे येथें ‘इंदूर पद्धत’ या नांवानेंच खड्डे होऊं लागले. १९४० सालीं हॉवर्ड यांनीं आपल्या आयुष्याचें सार एका ग्रंथांत मांडलें; १९४६ सालीं इंग्लंडांत स्थापन झालेल्या सॉइल असोसिएशनला आणि आज जिला आपण सेंद्रिय शेती म्हणतों त्या चळवळीला त्याचा मोठा आधार मिळाला. १९४७ च्या ऑक्टोबरांत हॉवर्ड वारले.

येथें कथा संपविली तर ती गोड होईल, पण पुरी होणार नाहीं. जमेची बाजू सांगितली, आतां खर्चाची सांगितली पाहिजे.

ज्याच्यासाठीं हें सर्व चाललें होतें त्या लहान शेतकऱ्यानें इंदूर पद्धत मळेवाल्यांइतक्या उत्साहानें उचलली नाहीं. मळेवाल्याकडे मजूर होते, पाणी होतें, गाड्या होत्या. माळव्यांतील वा वऱ्हाडांतील दोन बैलांच्या कुणब्याला ढीग तीन वेळां उलथापालथा करण्यास सवड कोठची? ज्या गांवीं पिण्याच्या पाण्याची मारामार, तेथें खड्ड्यांवर पाणी शिंपडणार कोण? पऱ्हाट्या खड्ड्यांत गेल्या तर चुलींत काय जाणार? व्हेल्कर यांनीं १८९३ मध्यें जें सांगितलें होतें, त्याला उत्तर मिळालें नव्हतें. शास्त्रज्ञानें खताचा प्रश्न सोडविला. जळणाचा प्रश्न, म्हणजे दारिद्र्याचा प्रश्न, खड्ड्यांत मावण्यासारखा नव्हता. आणि आपण हेंहि विसरूं नये कीं ही संस्था कापसासाठीं उभी राहिली होती, कुणब्याच्या पोटासाठीं नव्हे.

दुसरी गोष्ट हॉवर्ड यांच्या मतांची. उतारवयांत त्यांनीं रासायनिक खतांवर कडक हल्ला चढविला. जमिनीचे, पिकांचे, जनावरांचे आणि माणसांचे बहुतेक रोग ह्यूमसच्या अभावानें होतात, इथपर्यंत त्यांची मजल गेली. त्यांच्या प्रयोगांतून इतका मोठा निष्कर्ष निघत नव्हता. इंग्लंडांत रॉथमस्टेड येथें १८४३ पासून चाललेल्या प्रयोगांत केवळ रासायनिक खतांवर गव्हाचें पीक शंभर वर्षांहून अधिक काळ चांगलें येत राहिलें आहे. पण त्याच प्रयोगांनीं हेंहि दाखविलें कीं दरसाल शेणखत घातलेल्या तुकड्यांत सेंद्रिय अंश वाढत गेला आणि मातीचा पोत सुधारला. म्हणून आज जाणता शेतकीतज्ज्ञ या दोहोंत भांडण लावीत नाहीं. रासायनिक खत पिकाला जेवूं घालतें, सेंद्रिय खत जमिनीला धरून ठेवतें. आपल्या काळ्या जमिनींना तर दुसऱ्यावांचून पहिलें फार दिवस पचत नाहीं. हॉवर्ड यांच्या आवेशांतला अतिरेक वजा केला तरी हा गाभा शिल्लक राहतो.

संस्थांचें पुढें काय झालें? १५ जानेवारी १९३४ च्या भूकंपानें पुसा येथील इमारतीची मोडतोड झाली आणि १९३६ सालीं ती संस्था दिल्लीस गेली. इंदूरच्या संस्थेच्या आवारांत १९५९ सालीं कृषि महाविद्यालय सुरू झालें. ज्या कापसासाठीं ती संस्था काढली होती, त्याचें तिच्याशीं जोडलेलें नांव आज कोणाला आठवत नाहीं. आठवतो तो खताचा खड्डा, जो मुळांत कोणी मागितलाच नव्हता.

शेवटीं आपल्या घराकडे येऊं. शेतांतून शहरांत आलेलें धान्य, भाजी, फळ यांबरोबर जमिनीचा कस येतो. सालें, देंठ, उष्टें-खरकटें या रूपानें त्याचा मोठा वांटा आपण रोज सकाळीं दाराबाहेर ठेवतों. २०१६ च्या नियमांनीं ओला आणि सुका कचरा वेगळा करणें घरोघर बंधनकारक केलें आहे. आणि २०१७ पासून सलग सात स्वच्छता-सर्वेक्षणांत ज्या शहराचा पहिला क्रमांक आला, तें शहर इंदूरच होय. या दोन गोष्टींचा १९२४ च्या संस्थेशीं सरळ संबंध जोडणें धाडसाचें होईल. परंतु ओल्या कचऱ्याची बादली वेगळी ठेवतांना ती केवळ नगरपालिकेची शिस्त नव्हे, तर कोणत्या तरी शेताकडून आपण केलेली उसनवारी आहे, इतकें मनांत आणण्यास हरकत नाहीं. उसनें घेतलेलें परत करावयाचें असतें, हें आपल्या घरांत आजीनें आपणांस शिकविलेलेंच आहे.